शक्य होती, झाली नाही

प्रफुल्ल इंगोले यांची जुळणी प्रत्येक फेरीत शक्य होती. एकाही फेरीत ती झाली नाही.

दर सोमवारी सकाळी मूत्रपिंड अदलाबदल केंद्राचा निरोप फोनवर येई. त्यात रुग्णाचा संकेतांक असे आणि एकच वाक्य असे: 'जुळणी शक्य होती, झाली नाही.' अमरावतीच्या राजापेठेतल्या डायलिसिसच्या खोलीत, दोन सुया टोचलेला डावा हात उशीवर ठेवून, प्रफुल्लराव तो निरोप बायकोला मोठ्याने वाचायला लावत.

"आला का तुझ्या यंत्राचा निरोप?"

"माझं यंत्र नाही ते," ज्योत्स्नाबाई म्हणाल्या.

"पुस्तक तुझं, छापलं मी, यंत्र चालवणारी पोरगी विद्यार्थिनी तुझी. अन् यंत्र तेवढं लोकाचं?"

"शक्य होती," त्यांनी वाचले.

"झाली नाही," प्रफुल्लरावांनी पुरे केले. "आमचे मास्तर बाबांना माझ्याबद्दल हेच सांगायचे. पास होणं शक्य होतं."

शेजारच्या खाटेवरचे बोंडे खो खो हसले. बोंडे यांचे धान्याचे दुकान होते आणि आवाजही दुकानाला शोभेल असा होता. "इंगोलेसाहेब, आपलं दोघाचं सारखंच हाय. यंत्राले आपला चेहराच पसंत नाई." मग त्यांनी उशाशी उभ्या असलेल्या सुनेकडे मान वळवली. "आमची वैष्णवी पाहा. सासऱ्याले मूत्रपिंड द्याले तयार झाली. पोरगा घाबरला, हे नाई घाबरली. अन् घाबरून सांगते कोनाले? नाई म्हनून पाह्यलं असतं, त माहेरचा रस्ता दाखवला असता."

हे विनोदाने म्हटलेले होते आणि सगळे त्याप्रमाणे हसले. वैष्णवी डब्याचे झाकण लावत होती. ते एकदा नीट बसले असताना तिने काढून पुन्हा लावले.

त्या एका वाक्याचा इतिहास थोडा सांगायला हवा.

पूर्वी शरीराबाहेर काढलेले मूत्रपिंड दिवसाच्या आत दुसऱ्या शरीरात बसवावे लागे. मग पेटी आली. तिच्यात शरीराइतक्या उष्णतेचा, रक्ताचे काम करणारा द्रव फिरत राही आणि मूत्रपिंड आठवडाभर जिवंत राही. अंतराची अडचण संपली. ज्या बायकोचे मूत्रपिंड नवऱ्याला चालत नाही, तिचे सिंधुदुर्गातल्या कोणाला चालेल आणि तिथल्या भावाचे तिच्या नवऱ्याला, अशी अदलाबदल राज्यभर होऊ लागली.

हे काम गणिताचे आहे. कागदावर प्रत्येक जोडीसाठी, म्हणजे रुग्ण आणि त्याच्यासाठी देऊ इच्छिणारा नातेवाईक मिळून, एक ठिपका काढावा. ज्या दोन जोड्यांना परस्परांशी अदलाबदल करता येईल, त्यांच्या ठिपक्यांमध्ये रेघ ओढावी. या आकृतीला आलेख म्हणतात. आता काही रेघा अशा निवडायच्या, की कोणत्याही ठिपक्याच्या वाट्याला दोन निवडलेल्या रेघा येणार नाहीत. कारण देता येण्याजोगे मूत्रपिंड प्रत्येकाकडे एकच असते. अशी निवड म्हणजे जुळणी. ती मोठ्यात मोठी कशी करावी, हे गणिताला पेटीच्या फार आधीपासून ठाऊक होते. पेटीने फक्त ठिपके वाढवले आणि रेघा लांब केल्या.

ज्योत्स्ना इंगोले यांनी महाविद्यालयात आयुष्यभर हेच शिकवले होते. विविक्त गणितावरचे मराठीतले त्यांचे पाठ्यपुस्तक प्रफुल्लरावांच्या छापखान्यातून निघाले होते. त्याची मुद्रिते तपासताना प्रफुल्लरावांना त्यातले काही कळत नसे आणि तरी ते प्रश्न विचारत. "'शिरोबिंदूंना, म्हणजे ठिपक्यांना, कोणताही क्रम द्यावा, निष्कर्षात फरक पडत नाही.' कोणताही म्हणजे कोणता?" ज्योत्स्नाबाई सांगत, की कोणताही म्हणजे कोणताही. "मग लिहायचं कशाला?" असे म्हणून ते पान उलटत.

आता वाक्याचा दुसरा भाग, 'झाली नाही', याचा. अदलाबदल सुरू झाली तसे लक्षात आले, की घरोघरी देणारी माणसे ठरवून पुढे केली जात आहेत; बहुतेक ठिकाणी ती सून किंवा बायको असे. म्हणून कायद्याने प्रत्येक देणाऱ्याला एका बंद खोलीत एकटे नेऊन विचारण्याची सोय केली. तिथे 'नाही' म्हटले, तर तो नकार कोणाला कळत नसे. त्याला मूक नकार म्हणत. अशा जोडीचा ठिपका आकृतीत तसाच राही, रेघाही राहत, फक्त जुळणी लावणारे यंत्र तिच्याऐवजी दुसरी जोडी निवडे आणि घरी नेहमीचेच वाक्य जाई: 'जुळणी शक्य होती, झाली नाही.' सोय उत्तम होती. ती लागू व्हावी म्हणून ज्योत्स्नाबाईंनी स्वतः वर्तमानपत्रात लेख लिहिला होता.

परंतु कायद्याने एका वाक्यामागे दोन कारणे ठेवली, की लोक त्यातले चघळता येण्याजोगे कारण उचलतात. एखाद्या फेरीत जुळणी न होणे कोणाच्याही नशिबी येऊ शकते. दरेक फेरीत येते, तेव्हा शेजारी आवाज खाली आणून बोलू लागतात.

प्रफुल्लरावांची मोठी बहीण छायाताई अकोटहून आल्या, त्या आवाज खाली आणणाऱ्यांपैकी नव्हत्या. सकाळी त्या स्वयंपाकघरात पाटावर बसून भावजयीचे काम बघत होत्या. ज्योत्स्नाबाईंनी बटाट्याच्या फोडी पाण्यात भिजत घातल्या होत्या. ते पाणी ओतले, दुसरे घातले, उकळी आणली, तेही ओतले. भाजीतले जे क्षार किडनी बाहेर टाकू शकत नाही, ते असे आधीच टाकावे लागतात.

"एवढं सगळं करतेस तू," छायाताई म्हणाल्या.

"करावं लागतं, ताई."

"मंग तेवढंच काहून करत नाई?"

ज्योत्स्नाबाईंनी पातेले खाली ठेवले. "मी नकार दिलेला नाही."

"असं सारेच म्हनतेत. म्हनाचंच असते ते."

"मग मी काय म्हटलं, म्हणजे तुम्ही मानाल?"

"तेच त मी इचारून राह्यली, बाई. तू काही बी म्हनलं, तरी मी मानू कशी?"

छायाताई सातवीपर्यंत शिकल्या होत्या आणि त्यांच्या युक्तिवादात फट नव्हती. नकार दिलेली बाई 'दिला नाही' असेच सांगणार. न दिलेलीही तेच सांगणार. ज्या वाक्याने दोन शक्यतांत फरक पडत नाही, ते वाक्य पुरावा होऊ शकत नाही. हे ज्योत्स्नाबाईंनी कितीतरी तुकड्यांना फळ्यावर लिहून शिकवले होते.

प्रफुल्लराव बाहेरच्या खोलीत होते. त्यांनी काही ऐकले की नाही, हे दुपारपर्यंत कळले नाही. दुपारी गोळ्या डबीत लावता लावता ते म्हणाले, "जोत्स्ना, एक सांगू का? तू नाही म्हटलं असशील, तर बरोबरच केलं."

"मी नाही म्हटलेलं नाही."

"बरं."

"बरं म्हणजे?"

"बरं म्हणजे बरं. तुझंही वय झालं. उद्या दोघंही अंथरुणावर पडलो, तर पाणी कोण देईल? माझी काही तक्रार नाही. एवढंच सांगायचं होतं. विषय संपला."

आणि त्यांच्यापुरता तो खरोखरच संपला. त्या दिवसापासून ते अधिक मवाळ झाले. चहा बिघडला तरी बोलेनात, औषधाला उशीर झाला तर 'होते कधी कधी' म्हणू लागले. त्यांनी क्षमा केली होती. न केलेल्या गोष्टीची क्षमा परत कशी करावी, हे ज्योत्स्नाबाईंना कळेना. छायाताईंचा संशय त्यांना सोसवला असता. हा समजूतदारपणा सोसवत नव्हता.

त्यांनी पुण्याला फोन लावला. केंद्रातल्या जुळणी विभागाची प्रमुख ऋतुजा खंडारे ही त्यांची जुनी विद्यार्थिनी होती.

"मॅडम, कसे आहेत सर?"

"त्यांच्यासाठी मला एक दाखला हवा आहे. मी नकार दिलेला नाही, असा."

"मॅडम, हा प्रश्न तुम्ही आम्हाला परीक्षेत घातला असता."

"उत्तर सांग."

"तुम्हाला दाखला दिला, तर उद्या प्रत्येक घर दाखला मागेल. ज्यांनी नकार दिलाय त्यांना तो देता येणार नाही. मग ज्याच्याकडे दाखला नाही, त्याचा नकार. एकाला झाकायचं, तर सगळ्यांनाच झाकावं लागतं."

"म्हणजे खरं बोलणाऱ्यालाही पुरावा नाही."

"नाही. तोच या सोयीचा पाया आहे. तुमच्या लेखात तुम्हीच लिहिलं होतं."

ज्योत्स्नाबाईंनी फोन ठेवला. विद्यार्थिनीचे उत्तर पूर्ण गुणांचे होते.

त्याच सुमारास प्रफुल्लरावांच्या हृदयाचा नवा अहवाल आला. डॉक्टरांनी पडद्यावर आकुंचन पावणारी करडी आकृती दाखवली आणि सांगितले, की डायलिसिसचा भार हृदयावर पडतो आहे. ताकद आणखी उतरली, तर भूल देता येणार नाही. मग मूत्रपिंड मिळूनही उपयोग नाही आणि नाव यादीतून काढावे लागेल. "लवकर मिळालं तर बरं," ते म्हणाले. प्रफुल्लरावांनी बायकोकडे पाहिले आणि पटकन नजर वळवली, जणू पाहणे हीच आगळीक झाली असती.

तेव्हा ज्योत्स्नाबाई कामाला लागल्या.

केंद्र दर फेरीचा आलेख प्रसिद्ध करत असे. रविवारी आकृती येई: नावे नाहीत, फक्त संकेतांक आणि रेघा. सोमवारी कोणत्या रेघा निवडल्या ते येई. जुळणी मोठ्यात मोठी आहे की नाही, हे कोणालाही ताडून पाहता यावे, हा हेतू. त्यांनी ते पूर्वीच ताडून पाहिले होते. संख्या प्रत्येक वेळी बरोबर होती. एकही रुग्ण जास्त जोडता आला नसता. संख्या बरोबर निघाली, की गणितातल्या माणसाची चौकशी संपते. त्यांचीही तिथेच संपली होती.

आता त्यांनी 'किती' सोडून 'कोण' विचारले.

एक साधा प्रसंग घ्या. मध्ये एक ठिपका आहे आणि त्याला दोन बाजूंनी दोन ठिपके जोडलेले आहेत. मधल्याची अदलाबदल दोघांशीही शक्य, पण होणार एकाशीच. डावा घेतला काय, उजवा घेतला काय, जुळणीची संख्या तीच. गणिताच्या दृष्टीने ही दोन उत्तरे सारखी आहेत आणि यंत्राने कोणतेही द्यावे. प्रफुल्लरावांचा रक्तगट असा, की त्यांना चालणारे मूत्रपिंड विरळ आणि मागणारे पुष्कळ. ते दरेक फेरीत अशाच कुठल्यातरी बरोबरीत सापडत आणि दरेक फेरीत दुसऱ्या बाजूची रेघ निवडली जाई.

ज्योत्स्नाबाईंच्या नकाराने हे उलगडले असते, परंतु एकाच ठिपक्यापुरते. एका उदाहरणावरून काही ठरत नाही, म्हणून त्यांनी बाकीच्या सगळ्या बरोबऱ्या पाहिल्या. विदर्भातल्या, कोकणातल्या, मराठवाड्यातल्या. जिथे जिथे दोन उत्तरे सारखी होती, तिथे जवळजवळ प्रत्येक वेळी उरलेल्या ठिपक्याचा संकेतांक मोठा होता. मोठ्या संकेतांकाच्या बायकाच तेवढ्या नकार देतात, असे मानायला कोणताही आधार नव्हता.

प्रफुल्लरावांचा संकेतांक तीन नवांनी सुरू होत होता.

जुन्या माहितीवर नियम बसवणे सोपे असते. तो पुढे टिकला, तर खरा. रविवारी आकृती आली, तेव्हा त्यांनी संकेतांकांच्या क्रमावरून कोण जोडले जाईल आणि कोण उरेल हे आधीच मांडले. सोमवारचा निरोप त्यांना प्रथमच आधी ठाऊक होता. बाकीच्या ठिपक्यांचे निकालही त्यांनी मांडल्याप्रमाणेच लागले. फक्त मूठभर ठिकाणी नियम फसला: लहान संकेतांक उरला होता आणि मोठा जोडला गेला होता.

अपवाद पाहून त्यांना आधी बरे वाटले. इतका गुळगुळीत नियम त्यांना संशयास्पद वाटत होता. मग त्यांनी ते मूठभर ठिपके मागच्या फेऱ्यांत शोधले. तेच ठिपके, पुन्हा पुन्हा. नियमाने ज्यांना पहिल्याच खेपेला मूत्रपिंड मिळायला हवे होते, अशा जोड्या कधीच निवडल्या गेल्या नव्हत्या. यंत्र त्यांना मुद्दाम वगळत होते. आणि यंत्र मुद्दाम वगळते, ते एकाच कारणासाठी.

त्यांच्यासमोर राज्यातल्या मूक नकारांची यादी होती.

त्यातला एक संकेतांक त्यांच्या ओळखीचा निघाला. कित्येक महिने तो शेजारच्या खाटेच्या पायथ्याशी, बोंडे यांच्या फायलीवर, ठळक अक्षरांत त्यांना दिसत होता.

पुढच्या खेपेला पाण्याच्या यंत्रापाशी वैष्णवी भेटली. सासऱ्याची बाटली भरता भरता ती म्हणाली, "मॅडम, तुम्ही गणिताच्या ना?"

"हो."

"त्या खोलीत आपण जे बोलतो, ते खरंच तिथंच राहतं का हो?"

"राहायला हवं."

"हवं म्हणजे?"

बाटली भरून पाणी वर आले होते. तिचे लक्ष नव्हते. ज्योत्स्नाबाईंनी नळ बंद केला. "राहील," त्या म्हणाल्या. पुराव्यावाचून केलेले असे विधान त्यांच्या तोंडून क्वचितच निघाले असेल.

घरी येऊन त्यांनी ऋतुजाला फोन केला आणि जे आढळले ते क्रमाने सांगितले.

"दोन उत्तरं सारखी असली, की तुमचं यंत्र लहान संकेतांक घेतं."

"घेत असेल, मॅडम. पद्धत ठिपके एकेक करून हाताळते ना. जो एकदा जोडला गेला, त्याचा पुढे जोडीदार बदलतो, पण तो सुटत नाही. पहिल्यांदा हाताळलेल्याला फायदा मिळणारच. म्हणून तर संकेतांक आम्ही सोडतीनं दिले. नोंदणीच्या क्रमानं दिले असते, तर वशिल्याचे आरोप झाले असते. सोडत न्यायाधीशांसमोर झाली आहे."

"सोडत किती वेळा होते?"

"नोंदणीच्या वेळी."

"फेरीच्या वेळी?"

"नाही. संकेतांक कायमचा असतो."

"का?"

ऋतुजाला हा प्रश्नच कळला नाही. "मॅडम, क्रमाचा जुळणीशी काय संबंध? तुम्हीच शिकवलंय. कोणताही क्रम द्यावा, निष्कर्षात फरक..."

ती थांबली. मागे पुण्यातल्या त्या कचेरीत कोणीतरी खुर्ची सरकवल्याचा आवाज आला.

"पडत नाही," ज्योत्स्नाबाई म्हणाल्या. "निष्कर्ष म्हणजे संख्या. संख्येत नाहीच पडत."

मग त्यांनी अपवादांचे सांगितले. ऋतुजाने मध्ये एकदाही अडवले नाही. शेवटी ती म्हणाली, "म्हणजे हे कारण जाहीर झालं, तर कोणाच्याही घरात कोणीही..."

"आपला संकेतांक घेऊन बसेल आणि जुन्या आकृत्या काढेल. हिशेब अवघड नाही. शाळेतलं पोरही करेल."

"आकृत्या काढून घेतो आम्ही."

"लोकांनी उतरवून ठेवल्या असतील. मीच ठेवल्या आहेत."

"मग काय करायचं?"

"प्रत्येक फेरीला नवी सोडत काढा आणि तिचा क्रम कोणाला दाखवू नका. जुन्या आकृत्या मागे घ्या. पण कारण बाहेर सांगू नका."

"सरांचं नाव पुढच्या फेरीत... पण समिती बसायला वेळ लागेल, मॅडम. तुम्ही कारण लेखी द्या. समितीपुरतं. बंद."

"आणि मला ते वापरता येणार नाही."

"कशासाठी?"

"काही नाही," ज्योत्स्नाबाई म्हणाल्या.

समिती बसली, सोडतीचा नियम बदलला, जुन्या आकृत्या 'तांत्रिक कारणास्तव' मागे घेतल्या गेल्या. सरकारी कामाच्या मानाने हे लवकर झाले. परंतु त्याआधीच प्रफुल्लरावांच्या हृदयाचा पुढचा अहवाल आला होता. डॉक्टरांनी या वेळी पडदा दाखवला नाही. त्यांनी खुर्ची जवळ ओढली, तेव्हाच दोघांना समजले.

नव्या नियमाची पहिली फेरी झाली, त्या सोमवारी फोनवर निरोप आला नाही; नाव यादीतून गेले होते. डायलिसिस दुपारचे होते. प्रफुल्लराव सवयीने खुर्चीत येऊन बसले आणि म्हणाले, "आज चुकल्यासारखं वाटते. नापासाचाही निकाल लागत नाही आता."

ज्योत्स्नाबाई समोर बसल्या. "तुम्हाला एक सांगायचं आहे. यातलं दुसरं कोणाला सांगायचं नाही."

त्यांनी सगळे सांगितले: ठिपके, बरोबरी, संकेतांक, एकदाच काढलेली सोडत. टेबलावर शेंगदाणे मांडून मधला आणि दोन बाजूंचे दाखवले. प्रफुल्लरावांनी छापखान्यातल्यासारखे चष्मा कपाळावर ढकलून ऐकले.

"म्हणजे तू नाही म्हटलं नव्हतं."

"थांबा. इथे चूक करू नका," त्या म्हणाल्या. "तुमचा संकेतांक सगळ्यांत मोठा. मी हो म्हटलं असतं तरी तुम्ही उरला असता, नाही म्हटलं असतं तरी उरला असता. यातून मी नकार दिला नाही, हे सिद्ध होत नाही. तो मानायची गरज उरत नाही, एवढंच."

प्रफुल्लराव हसू लागले. हसताना दम लागला, तसे थांबले. "एवढा खटाटोप केला, अन् शेवटी स्वतःच्याच विरुद्ध साक्ष देऊन राह्यली तू?"

"जेवढं निघतं तेवढंच सांगितलं."

"म्हणजे मला नुसता विश्वासच ठेवावा लागेल."

"हो."

"हे नकार दिलेल्या बाईनं सांगितलं नसतं," प्रफुल्लराव म्हणाले. त्यांनी एक शेंगदाणा उचलला, मग आपल्याला चालत नाही हे आठवून परत जागेवर ठेवला. "मी तुला माफ करून बसलो होतो. तू बोलली का नाहीस?"

"बोलले होते. तुम्ही 'बरं' म्हणालात."

प्रफुल्लरावांनी फोन तिकडे सरकवला. "ताईला फोन लाव. मी सांगतो तिला."

"नाही सांगता येणार."

"काहून?"

"ताईंना पटवायचं, तर नियम सांगावा लागेल. नियम गावात गेला, की पहिला हिशेब बोंड्यांच्या घरी होईल." पुढचे त्यांनी सांगितले नाही. प्रफुल्लरावांनीही विचारले नाही. शेजारच्या खाटेवरून ऐकू येणारे विनोद त्यांनी पुष्कळ ऐकले होते.

"म्हणजे लोकांत तू तशीच राहणार."

"तशीच."

"मी गेल्यावरही."

ज्योत्स्नाबाईंनी शेंगदाणे गोळा करून वाटीत टाकले. "दोन वाजता निघायचं आहे," त्या म्हणाल्या. "तुमचे मोजे कुठे आहेत?"

समितीला त्यांनी दिलेले टिपण लहान होते. यंत्रात बिघाड नाही, कोणी अफरातफर केलेली नाही आणि जुळणीची संख्या प्रत्येक फेरीत अचूक आहे, असे त्यात सुरुवातीला म्हटले होते. शेवटचा परिच्छेद असा होता:

'कारण. संकेतांक नोंदणीच्या वेळी सोडतीने दिले गेले. दोन उत्तरे सारखी असता पद्धत लहान संकेतांक आधी घेते. एका फेरीपुरता हा न्याय आहे. परंतु सोडत एकदाच काढली आणि तोच क्रम प्रत्येक फेरीला वापरला. त्यामुळे पहिल्या दिवशी जो शेवटचा ठरला, तो प्रत्येक बरोबरीत शेवटचाच राहिला. क्रमाने संख्या बदलत नाही, म्हणून क्रमाकडे कोणी पाहिले नाही. प्रफुल्ल इंगोले यांचा संकेतांक सर्वांत मोठा होता.'